गिरणीतली आई, गोदामातली आई

काल्हेरहून आम्ही बोलतोय. तुमच्यातल्या काही जणी आत्ता भाकऱ्या थापत असतील, काही जणी गोदामातून सुटून कशेळीच्या बाजूनं शेअर रिक्षात बसल्या असतील. आवाज थोडा मोठा करा. आज जे सांगायचंय ते आपल्या पोटाशी आणि पोटातल्या बाळाशी, दोन्हींशी जोडलेलं आहे.

आमच्या गटातल्या एका मैत्रिणीला गेल्या महिन्यात कामावरून बंद केलं. पॅकिंगच्या टेबलावर उभं राहून काम करायची. चौदा महिने झाले होते. पाचवा महिना लागला, ओढणीखाली पोट लपेना. सुपरवायझर म्हणाला, "उद्यापासून येऊ नकोस, बाळंतपण झालं की बघू." भांडण नाही, शिवी नाही. दुसऱ्या दिवशी गेटवरच्या यादीत तिचं नाव नव्हतं, एवढंच. संध्याकाळी ती आमच्याकडे येऊन बसली आणि तिनं जे विचारलं, त्याच्यामुळे आजचं हे बोलणं तयार झालं. ती म्हणाली, "बाळंतपणाच्या रजेचा कायदा आहे म्हणतात ना? मग कायद्याच्या भीतीनंच काढलं का मला? कायदा नसता तर राहिले असते का?"

आम्ही गप्प बसलो. काय सांगणार? कायदा आपल्या भल्याचा, असं आम्हीच आजवर याच माईकवरून सांगत आलो होतो.

या प्रश्नाचं उत्तर आम्हाला आधी मिळालं ते इतिहासाच्या पुस्तकांत. आमच्यातली एक मुलगी कॉलेजात शिकते. तिनं वाचून आम्हाला मराठीत समजावून सांगितलं, चार-पाच दुपारी आम्ही त्यावर बसलो. राधा कुमार नावाच्या इतिहासकार आहेत. मुंबईच्या कापड गिरण्यांत १९१९ ते १९३९ या वीस वर्षांत बायकांचं काय झालं, यावर त्यांनी अभ्यास केला आणि १९८३ साली तो एका लेखात मांडला. लेखाचं नावच मराठीत सांगायचं तर 'कुटुंब आणि कारखाना' असं आहे. पुढे १९९३ साली त्यांचं एक मोठं सचित्र पुस्तक आलं, 'द हिस्ट्री ऑफ डूइंग'. १८०० पासून १९९० पर्यंत आपल्या देशातल्या बायकांनी केलेल्या चळवळींची ती कहाणी आहे. जोडीला मीना मेनन आणि नीरा आडारकर यांनी गिरणगावातल्या शंभर माणसांना बोलतं करून लिहिलेलं पुस्तक आहे. ते २००४ साली इंग्रजीत आलं आणि नंतर मराठीतही आलं. ते वाचायला सोपं आहे, कारण त्यात बोलणारी माणसं आपल्यासारखीच आहेत.

आता गिरणीत जाऊ या. तुमच्यातल्या कित्येकींचे सासरे, आजोबा गिरणीत होते. पण आजी गिरणीत होती, असं सांगणाऱ्या थोड्या निघतील. खरं तर १९२० नंतरच्या दशकात मुंबईच्या गिरण्यांत दर पाच कामगारांमागे साधारण एक बाई होती. बहुतेक जणी वाइंडिंग आणि रीलिंग खात्यात. सूत गुंडाळायचं, लडी करायच्या. पगार महिन्याचा नाही, जितकं काम तितके पैसे. वर देखरेखीला नायकीण. तिला खूश ठेवलं तर काम, नाही तर खाडा. आपल्याकडे कंत्राटदाराची बाई असते ना, जी सकाळी फोन करून "आज तुला घेतलंय" म्हणते? ही तिचीच पणजी.

आणि या बायका काही मुक्या नव्हत्या. २४ एप्रिल १८९० रोजी नारायण मेघाजी लोखंडे यांनी महालक्ष्मीच्या रेसकोर्सवर गिरणी कामगारांची मोठी सभा घेतली. आठवड्याची सुट्टी हवी, ही मागणी होती. सुमारे दहा हजार कामगार जमले होते आणि त्या सभेत दोन कामगार बायका उभ्या राहून बोलल्या. त्याच वर्षी जूनमध्ये रविवारची सुट्टी मिळाली. लोखंड्यांचं नाव आपण ऐकतो. त्या दोघींचं नाव आम्हाला कुठे सापडलं नाही. रविवारी भांडी घासताना एकदा त्यांची आठवण काढायला हरकत नाही.

मूल असलेली बाई गिरणीत कशी जायची? हा भाग ऐकताना आमच्यातल्या एकीनं कानांवर हात ठेवले. १९२१-२२ च्या सुमारास मुंबई सरकारनं डॉक्टर बार्न्स नावाच्या एका बाईंना गिरणीतल्या बायकांची पाहणी करायला नेमलं. त्या चाळीचाळींतून हिंडल्या. त्यांनी नोंदवलं की कामावर जाणाऱ्या बायकांच्या १०० तान्ह्या मुलांपैकी ९८ मुलांना अफू दिली जात होती. बाळगोळी म्हणत तिला. बाळ दिवसभर झोपून राहावं, रडू नये, शेजारणीला त्रास नको, म्हणून. या बायका निर्दय नव्हत्या. दहा-दहा तास पट्ट्यावर उभं राहायचं तर मूल ठेवायचं कुठे? काही गिरण्यांनी पाळणाघरं काढली, पण ती मोजकीच. कुणाची सासू कोकणात असेल तर मूल गावी पाठवायचं आणि पान्हा दाबून कामावर जायचं. आणि बाळंतपण? कळा सुरू होईपर्यंत काम, आणि बाळ झाल्यावर पैसे संपले की पुन्हा काम. मधल्या दिवसांचा एक पैसा मिळायचा नाही.

या पार्श्वभूमीवर १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात आर. एस. आसवले यांनी एक विधेयक आणलं: बाळंतपणात कामगार बाईला पैसे मिळाले पाहिजेत. गिरणी मालकांच्या बाजूनं विरोध झाला. उद्योगावर बोजा पडेल, असं म्हणणं होतं. त्या चर्चेत डॉ. बाबासाहेब आंबेडकर विधेयकाच्या बाजूनं बोलले. ते काय बोलले, हे आम्ही तीन वेळा वाचून घेतलं, कारण आमच्या मैत्रिणीच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर त्यात आहे. त्यांचा मुद्दा असा: बाळंतपणाच्या आधी आणि नंतर आईला विश्रांती मिळणं हे देशाच्या हिताचं आहे. म्हणून खरं पाहता हा खर्च मोठ्या प्रमाणात सरकारनं उचलायला हवा. पण म्हणून मालक मोकळा सुटत नाही, कारण बाईला कामावर ठेवण्यात त्याचाही फायदा असतो. पुरुषाला ठेवून मिळेल त्यापेक्षा जास्त फायदा त्याला तिच्याकडून मिळतो. तेव्हा काही भार त्यानंही उचलायला हवा.

कायदा झाला १९२९ साली. असा कायदा करणारा मुंबई हा देशातला पहिला प्रांत. बाळंतपणाआधी तीन आठवडे, नंतर चार आठवडे, आणि रोजचे आठ आणे. मजुरीपेक्षा कमीच, पण पहिल्यांदाच हातात काहीतरी. फक्त त्यात एक मेख राहिली. सरकारनं स्वतःकडे काहीच घेतलं नाही. सगळा पैसा मालकानं द्यायचा, तोही ज्याच्या गिरणीत ती बाई आहे त्याच मालकानं.

पुढे काय झालं असेल, ते तुम्ही ओळखलंच असेल.

पोट दिसू लागलं की काढायचं. नवी बाई घेताना विधवा आहे का, लग्न न झालेली आहे का, मूल होण्याचं वय उलटलंय का, ते बघायचं. हे आम्ही मनानं सांगत नाही. १९४४ साली सरकारनं नेमलेल्या रेगे समितीनं देशभरातल्या कारखान्यांची चौकशी केली, तिच्या अहवालात मालकांच्या या पळवाटा नोंदलेल्या आहेत. आमची मैत्रीण हे ऐकून म्हणाली, "म्हणजे माझ्या सुपरवायझरनं शोधून काढलेलं नाही तर हे." ऐंशी वर्षं जुनी युक्ती आहे ती.

राधा कुमार यांचं वेगळेपण इथे आहे. बायका गिरणीतून कमी का झाल्या, याचं सोपं उत्तर लोक देतात: घर, मुलंबाळं, परंपरा. त्या विचारतात की घर आणि मुलंबाळं तर १९२० सालीही होती, मग तेव्हा एवढ्या बायका कामावर कशा होत्या? मग त्या एकेक कारण उलगडतात. मालकांनी खर्च कमी करायचं ठरवलं, एका माणसाकडून जास्त यंत्रं चालवून घ्यायला सुरुवात केली. रीलिंगचं काम घटलं आणि तिथेच बायका जास्त होत्या. १९११ च्या कायद्यानं बायकांना रात्रीच्या कामाला मनाई होती, त्यामुळे दोन पाळ्या सुरू झाल्यावर मालकाला बाई अडचणीची वाटू लागली. त्यात बाळंतपणाचा खर्च. आणि वरून एक विचार जोर धरू लागला की पुरुषाला घर चालेल एवढा पगार मिळावा आणि बाईनं घर सांभाळावं. हा विचार मालकांचाच होता असं नाही, युनियनमधल्या पुरुषांचाही होता. युनियनवाल्यांचा आम्हाला आदर आहे, पण हे त्यांनीही ऐकावं. पुरुषाला घर चालेल एवढा पगार तर मिळाला नाहीच, बाईचं काम मात्र गेलं. १९६०-७० पर्यंत गिरणीत शंभरामागे मूठभर बायका उरल्या.

त्यांच्या मोठ्या पुस्तकात आणखी एक गोष्ट आहे. स्वातंत्र्याच्या चळवळीत देशाला आई म्हटलं गेलं, आईची थोरवी गायली गेली, सभांना बायका आल्या त्या मातृशक्ती म्हणून. त्याच काळात गिरणीच्या दारात खरी, पोटुशी आई उभी होती आणि तिला आत घेत नव्हते. आईपणाचा मान व्यासपीठावर आणि आईपणाची शिक्षा गेटवर, हे दोन्ही एकाच शहरात चालू होतं. राधा कुमार टीका करतात, पण चळवळीतल्या बायकांना कमी लेखत नाहीत. आईपणाच्या नावानं बायका घराबाहेर पडल्या, बोलू लागल्या, हेही त्या तितक्याच मोकळेपणानं लिहितात.

आणि गिरणीतल्या बायका बाहेर पडल्याच. १९२८ सालचा संप एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत चालला, दीड लाखाच्या आसपास कामगार बाहेर होते. त्या संपात आणि पुढच्या वर्षीच्या संपात बायका हातात झाडू घेऊन गिरण्यांच्या दाराशी उभ्या राहिल्या. कुणी फुटून कामाला जाऊ बघितलं तर झाडूनं स्वागत. उषाबाई डांगे त्यांत पुढे होत्या. उषाबाई बालविधवा, पुढे नर्सिंग शिकल्या, कॉम्रेड डांग्यांशी लग्न केलं. १९२९ च्या मार्चमध्ये डांगे मीरत खटल्यात पकडले गेले, आणि उषाबाईंनी लहान मुलीला सांभाळत कामगारांत काम केलं. त्यांनी आपलं आयुष्य 'पण ऐकतं कोण?' या पुस्तकात लिहिलंय. नाव वाचूनच आमच्यातल्या दोघी म्हणाल्या, हे तर आमचं पुस्तक! पार्वतीबाई भोर यांचंही आत्मकथन आहे, 'एका रणरागिणीची हकीकत'. ही दोन्ही पुस्तकं मराठीत आहेत, जुनी आहेत, वाचनालयात विचारून बघा. इतिहासकार जे आकड्यांतून सांगतात, ते या दोघी घरातून सांगतात. चूल, मूल, पोलीस, मोर्चा, सगळं एकाच दिवसात.

मुंबईतच असं झालं असंही नाही. अमेरिकेत अॅनेलिस ऑर्लेक नावाच्या इतिहासकार आहेत. न्यूयॉर्कच्या कपडे शिवणाऱ्या मुलींवर त्यांनी १९९५ साली पुस्तक लिहिलं. त्यात क्लारा लेमलिक नावाची एक मुलगी आहे. १९०९ साली तिनं भर सभेत उठून संपाची हाक दिली आणि वीस हजारांहून जास्त शिवणकामगार, बहुतेक मुलीच, बाहेर पडल्या. पुढे तिचं लग्न झालं, मुलं झाली. बाकीचे इतिहास तिला इथेच सोडून देतात. ऑर्लेकबाई तिच्यामागे घरात जातात. तर ही बाई शेजारपाजारच्या आयांना जमवून घरभाड्यासाठी, महागाईविरुद्ध लढत होती. १९३५ साली मटण-मांस महाग झालं तेव्हा न्यूयॉर्कच्या गृहिणींनी खाटकांच्या दुकानांवर बहिष्कार टाकला, त्यातही ती पुढे. म्हातारपणी वृद्धाश्रमात गेली, तर तिथल्या कामगारांना युनियन करायला मदत केली! आम्ही हसलो आणि मग आपल्याकडचा १९७२-७३ चा लाटणं मोर्चा आठवला. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांच्यासोबत लाटणी घेऊन निघालेल्या बायकांत गिरणगावातल्या किती जणी असतील. ऑर्लेकबाईंचं सांगणं आम्हाला पटलं: कामगार बाई आणि आई या दोन वेगळ्या बायका नाहीत. कामाच्या जागेचं भांडण ती घरी घेऊन येते आणि घरचं भांडण कामाच्या जागी.

आता गिरणगावातून आपल्याकडे येऊ. हा रस्ता लांबचा नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला, अडीच लाख कामगार बाहेर पडले. गिरण्या बंद होत्या, पण कापड बंद झालं नाही. मालकांनी ते आपल्या भिवंडीतल्या यंत्रमागांवर विणून घेतलं. गिरणीत कायदा होता, मस्टर होतं, युनियन होती. इथल्या छोट्या छोट्या शेडमध्ये त्यातलं थोडंच आलं. बायका इथेही कांड्या भरायला बसल्या, नगावर, बिननोंदीच्या. मग शेतं आणि मिठागरं जाऊन काल्हेर, कशेळी, पूर्णा, अंजूरफाट्यापर्यंत गोदामं उभी राहिली. मुंबई-ठाण्याच्या घराघरांत जाणारं सामान इथून जातं आणि त्याला टेप मारणारे, स्टिकर लावणारे हात पुष्कळदा बायकांचे असतात. आगरी-कोळी घरांतल्या सुना आहेत, मराठवाड्यातून आलेल्या आहेत, यूपी-बिहारच्या आहेत. मालक एक, गोदाम दुसऱ्याचं, कंत्राटदार तिसरा. पोट दिसलं की नेमकं कुणाकडे जायचं, हेच कळत नाही.

म्हणून मैत्रिणीच्या प्रश्नाचं आम्हाला मिळालेलं उत्तर सांगतो. कायद्यामुळे तिला काढलं नाही. कायद्याचा सगळा खर्च एकाच मालकाच्या माथी टाकला, आणि ती मेख १९२९ पासून पूर्ण निघाली नाही, म्हणून काढलं. १९६१ च्या मातृत्व लाभ कायद्यानंही पैसे मालकानंच द्यायचे होते. २०१७ च्या दुरुस्तीनं रजा २६ आठवड्यांची झाली. ती हवीच होती, पण खर्च तरीही मालकाकडेच राहिला. २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेतही २६ आठवडे तसेच ठेवलेत.

मेख काढायचा एक रस्ता आपल्याकडे आहे, त्याची चर्चा कमी होते. तो म्हणजे ईएसआय, कामगार विमा. महिना २१,००० रुपयांपर्यंत पगार असेल आणि जागेवर दहा किंवा जास्त माणसं असतील तर तो लागू होतो. त्यात मालक पगाराच्या सव्वातीन टक्के भरतो आणि आपल्या पगारातून पाऊण टक्का जातो. सगळ्यांचे पैसे एका निधीत जमा होतात आणि बाळंतपणाचे २६ आठवड्यांचे पैसे त्या निधीतून मिळतात. म्हणजे अमुक बाई गरोदर राहिली म्हणून अमुक मालकाच्या खिशातून वेगळे पैसे जात नाहीत. सरकार, मालक, सगळ्यांनी मिळून उचलायचा भार, असं १९२८ साली जे बोललं गेलं, त्याच्या जवळ जाणारी ही व्यवस्था आहे. पुरुषाचीही वर्गणी त्यात असते, हे आम्हाला विशेष आवडलं. बाळ काही एकट्या बाईचं नसतं.

तर आता कागदाचं बोलू. पगाराच्या चिठ्ठीवर ईएसआयची कपात दिसते का, बघा. दिसत असेल तर तुमचा विमा नंबर असतोच, तो मागून घ्या. बाळंतपणाच्या आधीच्या दोन वर्गणी-मुदतींत, म्हणजे साधारण वर्षभरात, ७० दिवसांची वर्गणी भरलेली लागते. काढून टाकलं तरी भरलेले दिवस पुसले जात नाहीत. ईएसआय नसेल तर सामाजिक सुरक्षा संहितेतला मातृत्व लाभ आहेच. त्यात अपेक्षित तारखेच्या आधीच्या बारा महिन्यांत ८० दिवस काम केलेलं असावं लागतं. कंत्राटदारामार्फत लागलेली बाईही त्यात येते, १९६१ च्या कायद्यातही 'थेट किंवा एखाद्या एजन्सीमार्फत' असं स्पष्ट लिहिलेलं होतं. रोजंदारीवरच्या बाईलाही हा हक्क आहे, असं सुप्रीम कोर्टानं २००० साली दिल्ली महापालिकेच्या मजूर बायकांच्या खटल्यात सांगितलं. आणि गरोदरपणात काढून टाकलं म्हणून पैसे बुडत नाहीत, हेही कायद्यातच आहे. दोन मुलं आधीची असतील तर मात्र २६ ऐवजी १२ आठवडे मिळतात.

८० दिवस काम केलं हे दाखवायचं कसं? गिरणीतल्या बाईकडे निदान हजेरीचा पास असायचा. आपल्याकडे मोबाइल आहे. खात्यात पगार जमा झाल्याचे मेसेज पुसू नका. गेटपासचा फोटो काढा. सकाळी "आज ये" म्हणून आलेला मेसेज, हजेरीच्या वहीचा फोटो, ओळखपत्र, सगळं एका ठिकाणी ठेवा आणि घरातल्या दुसऱ्या कुणाच्या फोनवरही पाठवून ठेवा. दिवस राहिल्याचं कळलं की डॉक्टरचा कागद जोडून लेखी कळवा, तोंडी नको. त्या पत्राच्या दुसऱ्या प्रतीवर पोहोच घ्या. ती द्यायला नकार दिला तर स्पीड पोस्टानं पाठवा.

आमच्या मैत्रिणीकडे यातलं काय होतं? गेटपास परत घेतला होता. पण बॅंकेचे चौदा मेसेज फोनमध्ये होते. आणि स्वयंपाकघरातल्या डब्यात, रेशनकार्डाखाली, पगाराच्या तीन चिठ्ठ्या निघाल्या. तिन्हींवर ईएसआयची कपात होती. चौदा महिने पैसे कापले जात होते आणि ते कशाचे, हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं. तिनं विचारलंही नव्हतं, आणि खरं सांगायचं तर आम्हीही कधी तिला विचारलं नव्हतं.

तिला आता सहावा संपत आलाय. विमा नंबर मिळालाय. कंत्राटदाराला पत्र गेलंय, त्याची पोहोच आलीय, उत्तर आलेलं नाही. पुढच्या बुधवारी कागद घेऊन तिला बोलावलंय. आमच्यातल्या दोघी सोबत जाणार आहेत, आणि त्या दोघींचा त्या दिवसाचा रोज आम्ही बाकीच्या जणींनी वाटून घेतलाय.